‘मिटलं’ म्हणून केस संपत नाही: तडजोडीने गुन्हा रद्द करताना या चुका टाळा

‘वकीलसाहेब, आमचं आपसात मिटलंय, आता फक्त कागद करायचा राहिलाय.’ हे वाक्य ऐकलं की मी आधी विचारतो, शेवटच्या तारखेला कोर्टात कोण गेलं होतं? बहुतेक वेळा कुणीच गेलेलं नसतं.

सगळ्यात महाग पडणारी चूक हीच. गावात बैठक बसते, चार जाणती माणसं समजूत घालतात, स्टॅम्पपेपरवर ‘आमची आता काही तक्रार नाही’ असं लिहून नोटरी केली जाते आणि तो कागद ठाण्यातल्या हवालदाराच्या हातात दिला जातो. पण गुन्हा दाखल झाला की खटला सरकार विरुद्ध आरोपी असा चालतो. फिर्यादीने नुसतं लिहून दिल्याने तो थांबत नाही.

माझ्याकडे दोन चुलतभावांचं प्रकरण आलं होतं. बांधावरून भांडण, डोक्यात फावडं, जुन्या दंड संहितेचं कलम ३२६ (घातक हत्याराने गंभीर दुखापत). दोन महिन्यांत भावकीने मिटवलं आणि शंभराच्या स्टॅम्पवर दोघांनी सह्या केल्या. पुढे दोषारोपपत्र गेलं, समन्स आलं, तर आरोपीने ‘मिटलंय ना’ म्हणून ते कपाटात ठेवलं. काही वर्षांनी अजामीनपात्र वॉरंट घेऊन पोलिस पहाटे दारात उभे राहिले. दोन रात्री तो आत होता, आणि जामिनासाठी धावपळ करत होता तोच फिर्यादी भाऊ. शेवटी आम्ही उच्च न्यायालयात अर्ज केला. दोघे एकाच एसटीने मुंबईला आले, फिर्यादीने उभं राहून आपल्या तोंडाने सांगितलं आणि गुन्हा रद्द झाला. हेच काम पहिल्या वर्षी झालं असतं तर त्या दोन रात्री टळल्या असत्या. मला आजही त्याचं वाईट वाटतं.

म्हणून आदेश हातात येईपर्यंत एकही तारीख चुकवू नका.

आधी कलम बघा. साधी मारहाण, फसवणूक असे बरेच गुन्हे नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी खटले कसे चालवायचे ते सांगणारा नवा कायदा) कलम ३५९ खाली (जुनं ३२०) खालच्याच कोर्टात मिटतात, काही थेट, काही कोर्टाच्या परवानगीने. चेक बाउन्सही तिथेच मिटतो. त्यासाठी उच्च न्यायालयाचा खर्च करू नका. ४९८अ (सासरचा छळ, आता न्याय संहितेचं ८५), ३२६, ३०७ (खुनाचा प्रयत्न) मात्र त्या यादीत नाहीत. तिथे उच्च न्यायालयाचा गुन्हा रद्द करण्याचा कलम ५२८ चा (जुनं ४८२) अधिकार लागतो. लोकअदालतीतही असे गुन्हे मिटत नाहीत, त्यासाठी तिथे खेटे घालू नका. आणि फक्त एफआयआर वाचून ठरवू नका. वैद्यकीय दाखला आल्यावर दोषारोपपत्रात कलम वाढलेलं असतं. मी दोन्ही समोर ठेवल्याशिवाय मसुद्याला हात लावत नाही.

दुसरी चूक मला जास्त चीड आणते. प्रतिज्ञापत्र आरोपीचा वकील लिहितो आणि फिर्यादी न वाचता सही करते. न्यायमूर्ती तिला सरळ विचारतात, कुणाचा दबाव आहे का? एका मुलीने माझ्यासमोर उत्तर दिलं होतं, ‘मला काही माहीत नाही, भाऊ म्हणाला म्हणून आले.’ सुनावणी तिथेच थांबली, आणि थांबायलाच हवी होती. तेव्हापासून मी नातेवाइकांना बाहेर बसवतो, फिर्यादीला अख्खा मजकूर मराठीत वाचून दाखवतो आणि तिने स्वतःचा वकील करावा असा आग्रह धरतो. याला एक दिवस जास्त लागतो. ‘लवकर उरका’ म्हणणाऱ्यांनी दुसरा वकील बघावा.

पैसे ठरले असतील तर डीडीने, टप्प्याटप्प्याने द्या आणि शेवटचा हप्ता गुन्हा रद्द होण्याच्या दिवशी ठेवा. रोख दिलेल्या पैशांचं पुढे भांडणच होतं.

अर्जात सगळ्या आरोपींची नावं घाला. नवरा सुटतो आणि नणंद तारखा करत राहते, असं पाहिलंय. एकमेकांवर केसेस असतील तर दोन्हींसाठी अर्ज करा. आधीचे गुन्हे लपवू नका, सरकारी वकील ते काढतातच. आणि साक्षी संपेपर्यंत थांबू नका, जितका उशीर तितकं अवघड.

काही गुन्हे पैशाने मिटत नाहीत, मिटूही नयेत. ग्यानसिंग खटल्यात २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने खून, बलात्कार, दरोडा यांना या वाटेतून वगळलं. राजस्थानात एका शिक्षकावरचा पोक्सोचा (बालकांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा कायदा) गुन्हा मुलीच्या घरच्यांशी झालेल्या तडजोडीवरून रद्द झाला होता, तो आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये फिरवला. असं प्रकरण ‘जरा मिटवून द्या’ म्हणत कुणी आलं तर मी त्याला दारातूनच परत पाठवतो.

सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांना ऑगस्ट २०२५ पासून मुंबईला जायची गरज नाही, कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (मुंबईबाहेर बसणारं न्यायपीठ) आहे. ‘साहेबांशी बोललोय’ म्हणणाऱ्या एजंटाला तर कुठेच पैसे देऊ नका.

आदेश झाल्यावर प्रमाणित प्रत काढा, एक खालच्या कोर्टात दाखल करा, एक ठाण्यात देऊन पोच घ्या आणि एक घरी जपून ठेवा. पासपोर्टच्या पडताळणीला तीच दाखवावी लागते.