काट्यावर वजन दिसते, कॉम्प्युटरवर शून्य

दिवाळीनंतर जिनिंगच्या गेटवर कापसाच्या गाड्या लागल्या की हिंगणघाट ते वणी तक्रार हीच. वायरी उपटू नका राजेहो. आधी विंडोजच्या डिव्हाइस मॅनेजरमध्ये काट्याची केबल जिथं लागते त्या पोर्टचा (कॉम) नंबर पाहा. काट्याची सिरियल केबल यूएसबीला जोडणारा कन्व्हर्टर दुसऱ्या खाचेत गेला की कॉम ३ चा कॉम ५ होऊ शकतो, अन् बिलाचं सॉफ्टवेअर जुनाच नंबर धरून बसते.

नंबर बरोबर असेल तर ते सॉफ्टवेअर पूर्ण बंद करा, पुटी (पोर्टवर येणारी अक्षरं दाखवणारा प्रोग्राम) उघडा, 'सिरियल' निवडा, तोच पोर्ट नंबर टाका. विंडोजमध्ये एक पोर्ट एका वेळी एकाच प्रोग्रामला मिळतो. पुटीलाही उघडेना, तर टास्क मॅनेजरमध्ये कोण दडून बसलंय ते शोधा.

आता स्क्रीन वाचा. सरळ आकडे आले तर काटा अन् केबल निर्दोष. सगळाच कचरा आला तर डेटाचा वेग (बॉड रेट) चुकला : ९६०० ऐवजी ४८००, २४०० लावा. काही अक्षरं नीट, काही वाकडी? तो बहुधा पॅरिटीचा, म्हणजे अक्षर तपासायच्या जादा बिटचा घोळ. ८ बिट बिनपॅरिटी सोडून ७ बिट इव्हन करा.

काहीच येत नसेल तर कन्व्हर्टरपासून केबल सोडवून त्याच्या २ अन् ३ नंबरच्या पिना तारेनं जोडा अन् टाइप करा. अक्षरं परत दिसली म्हणजे कन्व्हर्टर ठीक, मग केबल तपासा. सरकीच्या वासानं आलेले उंदीर केबलही सोडत नाहीत.

काही इंडिकेटर (काट्याचे आकडे दाखवणारे डबे) मागितल्याशिवाय वजन देतच नाहीत. तिथं पुटी मुकी राहते. बिलाचं सॉफ्टवेअर चालू ठेवून दोन्हीकडचं बोलणं दाखवणारं सिरियल पोर्ट मॉनिटर लावा; ते पोर्ट अडवत नाही, नुसतं ऐकते. मागणी जाते पण उत्तर येत नाही, असं दिसलं तर इंडिकेटरवाल्याला बोलवा.