कमी पैशांतल्या चित्रपटाची निर्मिती: वहीपासून पडद्यापर्यंत

छोट्या चित्रपटाचा निर्माता म्हणजे पैसे घालून बाजूला बसणारा माणूस, हा समज सोडा. 'कोर्ट' (2014) या मराठी चित्रपटाचे निर्माते विवेक गोंबर त्यात बचाव पक्षाचे वकील म्हणून पडद्यावरही होते. इतके आत शिरायची तयारी हवी.

सुरुवात पटकथेपासून. पेन्सिल घेऊन वाचा आणि प्रत्येक दृश्यापुढे लोकेशन, रात्र की दिवस, माणसे किती, हे लिहा. 'गण्या बैलाला नदीवर आणतो' या ओळीत दोन परवानग्या आहेत. बैलासाठी भारतीय पशुकल्याण मंडळाकडे शूटिंगच्या आधीच अर्ज करावा लागतो, नाहीतर पुढे सेन्सॉरला गाडी अडते. गण्या 14 वर्षांखालचा असेल तर जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. त्याच्याकडून दिवसाला 5 तासांहून जास्त आणि विश्रांतीशिवाय 3 तासांहून जास्त काम घेता येत नाही. मग दिग्दर्शकाबरोबर बसा. बैल कथेचा जीव असेल तर तो राहू द्या, काटछाट दुसरीकडे शोधा.

आता अंदाजपत्रक, आणि ते शेवटाकडून मांडायचे. संकलन, ध्वनी, डीआय (रंगांवरचे शेवटचे काम), सबटायटल, सेन्सॉर, डीसीपी (थिएटरला द्यायची डिजिटल प्रत) यांचे पैसे आधी काढून वेगळ्या खात्यात टाका. साधारण 10 टक्के अडीअडचणीला. उरले ते शूटिंगचे. त्यात दिवस बसत नसतील तर दिवस कमी करा, पण त्या खात्याला हात लावू नका. शूटिंग संपले आणि आवाजाचे काम करायला पैसे नाहीत, यासारखे दुःख नाही. सगळ्या टीमची मेहनत हार्ड डिस्कमध्ये पडून राहते.

कागदांवर मात्र सर्वांत जास्त वेळ घालवा. 'आपलाच मित्र आहे, करार कशाला?' हे वाक्य महागात पडते. 1957 च्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा कर्ता निर्माताच मानला जातो, पण कथा, पटकथा आणि संगीत यांचे हक्क ज्याचे त्याच्याकडून लेखी घ्यावे लागतात. हक्क किती वर्षांसाठी हे लिहिले नसेल तर कायदा 5 वर्षे धरतो आणि कुठे हे लिहिले नसेल तर फक्त भारत. म्हणजे परदेशातल्या विक्रीच्या वेळी तुम्ही पुन्हा लेखकाच्या दारात. म्हणून कालावधी आणि प्रदेश स्पष्ट लिहा, मानधन किती आणि कधी हेही लिहा. ज्यांच्या वाड्यात शूटिंग करता त्यांचे संमतीपत्र घ्या, ग्रामपंचायत आणि पोलीस ठाण्याला पत्र द्या.

सेटवर रोज रात्री खर्चाची वही पूर्ण करा आणि दुसऱ्या दिवसाची कॉल शीट (कोणी किती वाजता कुठे यायचे याचा कागद) सगळ्यांना मिळाली का ते पाहा. जेवण वेळेवर आणि सगळ्यांना सारखे. कमी मानधनावर आलेल्या स्पॉटदादालाही नटाइतकेच गरम जेवण मिळाले पाहिजे, यात तडजोड करू नका.

रफ कट, म्हणजे संकलनाचा पहिला कच्चा खर्डा, तयार झाला की गोव्यातल्या फिल्म बाजारच्या (निर्माते आणि खरेदीदार भेटतात तो मेळावा) प्रवेशिका कधी सुरू होतात यावर लक्ष ठेवा. तिथे अपूर्ण चित्रपटांसाठी वेगळा विभाग असतो. महोत्सवांचा निर्णय होईपर्यंत चित्रपट यूट्यूबवर टाकू नका, अनेक महोत्सवांना पहिले प्रदर्शन आपल्याकडेच हवे असते. राज्य सरकारच्या मराठी चित्रपट अनुदानासाठी अर्ज जरूर करा. पण ते पूर्ण झालेला चित्रपट पाहून ठरते, म्हणून ती रक्कम अंदाजपत्रकात धरू नका.