शहरात देशी भाज्या लावण्याआधीची तयारी

पहिली तयारी कागदावर करा, कुंड्यांची खरेदी नंतर. घरात आठवड्यातून किती वेळा पालेभाजी होते आणि एका वेळेला किती लागते, हे आधी लिहून काढा. चौघांच्या घराला एका वेळी 400 ग्रॅम निवडलेली भाजी धरली आणि ती आठवड्यातून दोनदा करायची म्हटली, तर 800 ग्रॅम होतात. माठ नीट आला तर एका चौरस मीटरमधून चार-पाच आठवड्यांत सव्वा ते दीड किलो निघतो. म्हणजे खंड न पडता भाजी हवी असेल तर तीन चौरस मीटर जागा लागेल. तेवढी नसेल तर आठवड्यातून एकदाच्या भाजीचा हिशोब करा. एका आठवड्यात ढीगभर पाला आणि पुढचे दोन महिने वाफा रिकामा, अशा बागेने घराची अन्नसुरक्षा वाढत नाही. पुढची सगळी तयारी या एका हिशोबासाठी आहे.

आता जागा. पालेभाजीला रोज निदान चार-पाच तास थेट ऊन लागते, शेंगा आणि फळे देणाऱ्या भाज्यांना सहा तासांहून जास्त. ऊन ऋतूप्रमाणे सरकते, म्हणून सकाळी, दुपारी आणि संध्याकाळी सावली कुठवर येते ते पाहून ठेवा. गच्ची असेल तर वजनाचा प्रश्न आधी सोडवा. एक लिटर ओली माती दीड किलोच्या वर भरते. एक चौरस मीटरचा, 20 सेंटीमीटर खोलीचा वाफा पाणी प्यायला की 300 किलोंच्या पुढे जातो आणि पुष्कळ गच्च्या एवढ्या भारासाठी बांधलेल्याच नसतात. कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) आणि कंपोस्टचे हलके मिश्रण घ्या, जड कुंड्या खांब आणि तुळयांच्या वर ठेवा आणि मोठा वाफा करण्याआधी इमारतीचा आराखडा समजणाऱ्या अभियंत्याला विचारा. गच्ची सामायिक असेल तर परवानगी लेखी घ्या. तोंडी होकारावर लावलेली झाडे ऐन बहरात काढावी लागणे फार वाईट.

जमिनीवर लावणार असाल तर त्या जागी पूर्वी काय होते ते शोधा. गॅरेज, भंगाराचे गोदाम, जुन्या रंगाच्या भिंती किंवा रहदारीचा रस्ता असेल तर मातीत शिसे असू शकते. शिसेयुक्त पेट्रोल जगभरातून 2021 साली हद्दपार झाले, पण मातीत उतरलेले शिसे आपोआप निघून जात नाही. पालेभाज्या आणि कंदमुळांमधून ते ताटात येण्याचा धोका फळभाज्यांपेक्षा जास्त असतो आणि लहान मुलांना त्याची इजा सर्वाधिक होते. माती तपासून घ्या. तेवढी सोय नसेल तर खाली जाड कापड अंथरून बाहेरून आणलेल्या मातीचा उंच वाफा करा. पानांवरची धूळही घातक, तेव्हा भाजी वाहत्या पाण्यात धुवायचीच. सांडपाणी भाजीला नको. नाळीची भाजी तर अशा पाण्यातले जड धातू सहज शोषून घेते.

बियाण्यावर मात्र वेळ खर्च करा. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेच्या 2019 च्या अहवालानुसार, अन्नासाठी सुमारे 6,000 वनस्पती लावल्या गेल्या, पण जगातल्या पीक उत्पादनाचा 66 टक्के भाग अवघ्या नऊ पिकांतून येतो. माठ, घोळ, तिळवण, अंबाडी, मायाळू, चवळीचा पाला, शेवगा या भाज्या अशाने बाजूला पडल्या, आणि उष्णता सोसणाऱ्या, कमी देखभालीत येणाऱ्या नेमक्या याच आहेत. ज्या तुमच्या हवामानात मुळात वाढतात आणि घरात आवडीने खाल्ल्या जातात, त्याच निवडा. बियाणे सरळ वाणाचे घ्या, म्हणजे ज्याचे धरलेले बी पुढच्या वर्षीही तसेच पीक देते. संकरित वाणाचे बी पुढच्या वर्षी मूळ रोपासारखे पीक देत नाही आणि दर हंगामाला विकतच घ्यावे लागते.

सुरुवातीला तीन प्रकार पुरेत: माठासारखी लवकर येणारी, मायाळूसारखी महिनोन्‌महिने खुडता येणारी आणि शेवग्यासारखी बहुवर्षायू. शेवगा जमिनीत असेल तर त्याची मुळे खोल जातात आणि वाफे सुकलेल्या दिवसांत त्याचाच पाला हाताशी राहतो. छातीच्या उंचीवर छाटत राहा. पालेभाजीला 15 ते 20 सेंटीमीटर खोली पुरते, शेवग्याला कुंडीतच वाढवायचे तर निदान 45 लागते.

माठाचे बी इतके बारीक की एका ग्रॅममध्ये हजाराहून अधिक दाणे असतात. कोरड्या वाळूत मिसळून पेरा, वर मातीचा पातळ थर द्या. सगळे बी एकदम पेरू नका. वाफ्याचे चार भाग करा आणि दर आठ-दहा दिवसांनी एक भाग पेरा. पहिला भाग काढायला येईल तेव्हा चौथ्याची रोपे वर आलेली असतील. पाण्याचाही अंदाज ठेवा: उन्हाळ्यात चौरस मीटरला रोज पाचेक लिटर लागतात. छपरावर एक मिलिमीटर पाऊस पडला तर दर चौरस मीटरमागे एक लिटर पाणी मिळते, म्हणून पिंप आधीच बसवा आणि डास होऊ नयेत म्हणून त्याला जाळी लावा.

स्वयंपाकघराचीही थोडी तयारी हवी. माठ आणि घोळ यांत ऑक्झलेट असते, म्हणजे मूतखड्याला हातभार लावणारा घटक. मूतखड्याचा त्रास असलेल्यांनी डॉक्टरांना विचारावे आणि भाजी उकडून पाणी टाकून द्यावे. रानातून किंवा रस्त्याकडेने आलेले रोप ओळखीचे वाटले तरी जाणकाराने पाहिल्याशिवाय खाऊ नका.

बी धरायची रोपे पेरतानाच वेगळी राखा, खुडायला त्यांना हात लावू नका. इथे घाई महागात पडते: सगळ्यांत आधी फुलावर येणाऱ्या रोपाचे बी दरवर्षी धरत गेलात तर पुढच्या पिढ्या लवकर फुलतात आणि पाला कमी देतात. उशिरा फुलणारी, रोग न पडलेली रोपे निवडा. चवळीचे परागीकरण बहुधा स्वतःच्याच फुलात होते, त्यामुळे तिचे वाण टिकवणे सोपे. माठाचे दोन वाण शेजारी असले तर मिसळतात. एका वेळी एकाच वाणाला फुलू द्या. बी सावलीत पूर्ण वाळवून, हवाबंद डब्यात, नाव आणि वर्ष लिहून ठेवा. त्यातले अर्धे दुसऱ्या घरी द्या, म्हणजे एका ठिकाणी पीक गेले तरी वाण हातचे जाणार नाही.