जीवशास्त्रावर हसवणारं वेबकॉमिक कसं करावं

बोलणारी मांजर काढली म्हणून कॉमिक जीवशास्त्राचं होत नाही. त्यासाठी एक साधी परीक्षा आहे. विनोदातून जीवशास्त्राची माहिती काढून टाका. तरीही हसू येत असेल, तर तो विनोद कुठल्याही विषयाचा आहे. माहिती काढल्यावर विनोदच कोसळला, तर तुम्ही योग्य वाटेवर आहात.

आधी विसंगती शोधा

नुसती मजेशीर माहिती पुरत नाही. आपल्या अपेक्षेच्या उलट जाणारी गोष्ट हवी. ऑक्टोपसला तीन हृदयं असतात ही झाली माहिती. पण तो पोहायला लागला की त्यातलं मुख्य हृदय धडधडायचं थांबतं, इथे विनोदाचं बी आहे. वॉम्बॅट या ऑस्ट्रेलियातल्या प्राण्याची विष्ठा चौकोनी ठोकळ्यांची असते. नर क्लाउनफिश कळपातली मुख्य मादी गेली की स्वतः मादी होतो. अशा नोंदींची एक वही ठेवा.

मायटोकॉन्ड्रिया म्हणजे पेशीचं ऊर्जाकेंद्र, हे वाक्य आता घासून गुळगुळीत झालंय. त्याच्या पुढे जा. हे महाशय एके काळी स्वतंत्र जिवाणू होते आणि माणसाच्या पेशीत आजही स्वतःची वेगळी 37 जनुकं बाळगून आहेत. विनोद तिथे आहे.

मग कारण वाचा

ही पायरी बहुतेक जण गाळतात, आणि माझ्या मते खरं काम इथेच होतं. जिराफाचं उदाहरण घ्या. मेंदूकडून स्वरयंत्राकडे जाणारी एक चेता (मज्जातंतू) स्वरयंत्राच्या जवळून सरळ खाली छातीत उतरते, हृदयाजवळच्या महाधमनीला वळसा घालते आणि पुन्हा मानेतून वर चढते. काही सेंटिमीटरचं अंतर, प्रवास सुमारे 4 मीटरचा. अस्सल द्राविडी प्राणायाम! कारण असं, की माशांसारख्या पूर्वजांमध्ये हीच चेता हृदयाजवळून कल्ल्यांकडे जात असे आणि तिथे तो सरळ रस्ता होता. पुढे मान लांबत गेली, हृदय खाली राहिलं आणि चेता धमनीमागे अडकून ताणली गेली.

हे कारण कळलं की शेवटची चौकट आपोआप सापडते.

चौकटी पाडा

पहिली चौकट: मेंदूचं कार्यालय. साहेब निरोप्याच्या हाती चिठ्ठी देतात, "स्वरयंत्राला दे. इथंच आहे, शेजारी."

दुसरी: निरोप्या स्वरयंत्राच्या दारावरून जातो. हात हलवतो, थांबत नाही.

तिसरी: उभी, लांबच लांब चौकट. मान, मान, अजून मान. तळाशी महाधमनीची कमान, तिला वळसा.

चौथी: घामाघूम निरोप्या दारात. स्वरयंत्र विचारतं, "मघाशी समोरून गेलास, तेव्हाच का नाही दिलीस?" उत्तर येतं, "आमच्याकडे हृदयाला वळसा घालूनच जातात. माशांपासूनची पद्धत आहे."

तिसऱ्या चौकटीत एकही शब्द नको. फोनवर वाचणाऱ्याला बोटाने खाली सरकत जावं लागतं, म्हणजे तो वळसा वाचकही घेतो. छापील पानावर हे जमलं नसतं. आणि शेवटच्या वाक्यात उत्क्रांतीचा धडा आलाय, पण "उत्क्रांती" हा शब्द कुठेही नाही. माहिती अशी पात्राच्या तोंडी घरगुती होऊन यावी.

चित्र तपासा

मिशीवाला डास रक्त पिताना दाखवू नका. रक्त पिते ती मादी, कारण अंडी तयार करायला तिला त्यातली प्रथिनं लागतात. नर मधुरसावर जगतो आणि त्याच्या मिशा खरं तर झुपकेदार स्पर्शिका असतात. मधुरस गोळा करणारी मधमाशीही मादीच. कीटकाचे सहाही पाय वक्षातून निघतात, पोटातून नव्हे. डीएनएचा पीळ नेहमीच्या स्क्रूसारखा उजवा असतो. तो उलटा काढलेला सर्रास दिसतो.

प्राण्यांनी बोलावं, टाय घालावा, कर्ज काढावं, त्याला हरकत नाही. ती सूट वाचक आनंदाने देतो. पण ज्या तथ्यावर विनोद उभा आहे ते चुकलं, तर जाणकाराचं हसू तिथेच थांबतं. नेमकेपणाला मोबदलाही मिळतो. अमेरिकी व्यंगचित्रकार गॅरी लार्सन यांनी 1982 सालच्या एका व्यंगचित्रात स्टेगोसॉरस या डायनोसॉरच्या शेपटीवरच्या काट्यांना गमतीने "थॅगोमायझर" म्हटलं. त्या भागाला नावच नव्हतं, म्हणून पुढे जीवाश्मतज्ज्ञही तोच शब्द वापरू लागले.

दोघांना दाखवा

एक विषय जाणणारा, एक न जाणणारा. न जाणणाऱ्याला समजावून सांगावं लागलं, तर तळटीप वाढवू नका, पहिली चौकट बदला. जाणणारा नुसता "बरोबर आहे" म्हणाला आणि हसला नाही, तर शेवटचं वाक्य पुन्हा लिहा. टाकण्याआधी अक्षरं फोनच्या पडद्यावर वाचता येतात का पाहा, आणि दृष्टिहीन वाचकांसाठी चित्राचं वर्णन जोडा. त्या वर्णनातही निरोप्याचा वळसा आलाच पाहिजे.