खाऱ्या वाऱ्यातला कमानी पूल: सळई तपासणे आणि जस्ताचा लेप

अमेरिकेतल्या ओरेगॉनच्या किनाऱ्यावर हायवे १०१ चा १९३२ सालचा केप क्रीक हा काँक्रीटचा पूल अजून वाहतूक झेलतो. त्याच अभियंत्याचा, काँडी मॅककलाचा, अल्सी बेवरचा १९३६ चा पूल मात्र गंजापायी १९९१ मध्ये पाडावा लागला. केप क्रीकवर १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला जस्ताचा लेप देऊन काँक्रीटमधल्या सळईचे विद्युत संरक्षण केले, म्हणजे लेपातून सळईकडे सतत थोडी वीज सोडून गंज रोखला. ते काम कसे करतात ते पाहू.

आधी हातोडा. कमानीचा पायथा, कमानीवरचे खांब, तुळयांचा तळ ठोकत जा. टणटणीत आवाज आला तर ठीक, पोकळ आला तर खडूने रेघ मारा. गंज मूळ पोलादाच्या कित्येक पट जागा घेतो, म्हणून पृष्ठभाग शाबूत दिसला तरी आत पापुद्रा सुटलेला असतो. वाऱ्याच्या आडोशाची बाजू हमखास तपासा: तिथले मीठ पाऊस धुऊन नेत नाही.

मग कव्हर मीटरने सळईची खोली मोजा आणि तेवढ्याच खोलीवरचा काँक्रीटचा चुरा क्लोराइडच्या (मिठातल्या, सळई गंजवणाऱ्या घटकाच्या) तपासणीसाठी द्या. घनमीटरला ०.६ ते ०.९ किलोच्या पुढे गेले की धोका सुरू. कॉपर सल्फेट इलेक्ट्रोडने हाफ-सेल वाचन, म्हणजे सळईचे विभव (विद्युत दाब), घ्या. उणे ३५० मिलिव्होल्टपेक्षा जास्त ऋण असेल तर गंज चालू असण्याची शक्यता ९० टक्के. पण पाण्यात बुडालेल्या भागात हा आकडा फसवतो, कारण प्राणवायूच नसल्याने तिथे गंज नसतानाही वाचन खूप ऋण येते. कोकणातल्या खाडीपुलांचे खांब तपासतानाही हे विसरू नका.

आता फोडकाम, आणि घात होतो तो इथेच. कमान सतत दाबाखाली असते. एका बाजूचा मोठा पट्टा फोडला की दाब उरलेल्या भागावर सरकतो. म्हणून संरचना अभियंत्याने आखलेल्या क्रमाने, छोट्या टप्प्यांत, दोन्ही बाजूंनी सारखेच फोडा. सळईच्या मागे २०–२५ मिलिमीटर मोकळे करा. नुसती ठिगळे लावून निघून गेलात, तर ठिगळाच्या कडेची जुनी सळई पूर्वीपेक्षा वेगाने गंजते.

सगळ्या सळया विजेने एकमेकींना जोडलेल्या हव्यात. सुटी राहिलेली सळई संरक्षणाबाहेर जाते, शिवाय गंजू लागते. तुटलेले सांधे वेल्ड करा. पृष्ठभागावर आलेली बाइंडिंग वायर, खिळे, जुने कंस काढून टाका, नाहीतर लेप आणि सळई शॉर्ट होतात. सळईला इपॉक्सी (वीज अडवणारा राळेचा लेप) लावू नका.

पृष्ठभाग वाळू मारून खडबडीत आणि कोरडा करा, मग वितळलेले जस्त सुमारे अर्धा मिलिमीटर जाडीने फवारा. ओल राहिली की लेप सुटतो. फवारणाऱ्याला श्वसनयंत्र हवेच, जस्ताच्या धुराने ताप येतो.

रेक्टिफायरचे (एसी विजेची डीसी करून पुरवणाऱ्या यंत्राचे) धन टोक जस्ताला, ऋण टोक सळईला. उलटे जोडले तर वाचवायची तीच सळई विरघळू लागेल, त्यामुळे जोडणी दोघांनी स्वतंत्रपणे तपासावी. काही आठवड्यांनी वीज बंद करून विभव किती उतरते ते मोजा. बंद केल्याक्षणीची एकदम पडणारी उडी सोडून, चार तासांत १०० मिलिव्होल्ट उतरले तर संरक्षण पुरेसे.

कोरड्या ऋतूत लेपाचा रोध वाढून प्रवाह घटतो, तेव्हा पाण्याचा फवारा मारून पाहा. रेक्टिफायर बंद पडला तरी वरून पूल तसाच दिसतो, म्हणून व्होल्ट आणि अँपिअरची नोंद दर महिन्याला घ्या.