दोन कुऱ्हाडी, तरी डॅमेज कमी? माझा अनुभव

वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट क्लासिक या ऑनलाइन गेममध्ये माझा ऑर्क वंशाचा फ्युरी वॉरियर (दोन शस्त्रांनी लढणारा योद्धा) आहे. दोन्ही हातांत चांगल्या कुऱ्हाडी असूनही रेड बॉसवर (मोठ्या गटाने मिळून मारायच्या शत्रूवर) डॅमेज पडत नव्हतं. कॉम्बॅट लॉग (लढाईतल्या प्रत्येक वाराची नोंद) उघडला, तर डाव्या हाताच्या ओळीत नुसतं मिस, मिस, मिस.

कारण साधं आहे. वेपन स्किल (शस्त्र चालवण्याचं कौशल्य) 300 असेल तर ६३ लेव्हलच्या बॉसवर मिसचा चान्स 8% असतो. दोन शस्त्रं धरली की साध्या, आपोआप पडणाऱ्या वारांवर त्यात आणखी 19% पडतात, म्हणजे 27%. शिवाय डाव्या हाताचं डॅमेज मुळातच निम्मं. ब्लडथर्स्टसारख्या, बटण दाबून मारायच्या स्पेशल वारांना मात्र हा 19% चा दंड लागत नाही.

म्हणून आधी हिटचं (मिसचा चान्स कमी करणारं) गिअर गोळा केलं. ऑर्कला कुऱ्हाडीचं स्किल 5 ने जास्त मिळतं, त्यामुळे स्पेशलसाठी 6% हिट पुरतं.

पण खरा फरक पडला तो हिरोइक स्ट्राइकने. हा स्पेशल वार आधी रांगेत लावायचा असतो; तो उजव्या हाताच्या पुढच्या वाराच्या जागी पडतो आणि तेव्हाच रेज (वॉरियरची वार मारायची ऊर्जा) खर्च होते. तो रांगेत लावलेला असताना डाव्या हाताचा वार पडला, तर त्यालाही 19% चा दंड लागत नाही! म्हणून मी तो जवळजवळ कायम लावून ठेवतो. रेज कमी असेल, तर उजवा वार पडायच्या अगदी आधी मॅक्रोने (एका बटणावर ठेवलेल्या कमांडने) रद्द करतो. डावा वार तोवर नीट बसलेला असतो. त्यासाठी स्विंग टायमरचा, म्हणजे पुढचा वार कधी पडेल ते दाखवणारा, अ‍ॅडऑन (गेमला जोडायचा छोटा प्रोग्राम) हवाच, अंदाजाने जमत नाही. वार बसले की रेजही वाढते आणि ब्लडथर्स्ट अडत नाही.