रुडॉल्फ शेलेनवर टिपण लिहिताना

नागपुरात एम.ए. राज्यशास्त्र करणाऱ्यांनी आधी नाव दुरुस्त करावं. शेलेन हा स्वीडिश राज्यशास्त्रज्ञ, त्यामुळे स्वीडिश उच्चार शेलेन. रोमन अक्षरं (Kjellén) वाचून केलेलं ‘केजेलेन’ चूक.

मग सनावळी: जन्म १८६४, १८९१पासून स्वीडनमधल्या गोटेबर्गला अध्यापन, १९१६ ते १९२२ उपसाला विद्यापीठात, तिथेच निधन. खासदारकी वेगळ्या रकान्यात मांडा: १९०५–०८ आणि १९११–१७. अध्यापन आणि राजकारण सोबतच चाललं, हे एका रकान्यात दिसत नाही.

‘भूराजनीती’ हा शब्द त्याचा, जर्मन भूगोलतज्ज्ञ हाउसहोफरचा नव्हे. गुण इथेच जातात! झिरो माईलचा खांब कुठे आहे, हा झाला भूगोल. त्या जागेचा राज्यसत्तेशी संबंध जोडला, की शेलेनचा विषय सुरू. हाउसहोफरशी जोडलं जाणारं नाझी धोरण मात्र शेलेनच्या नावावर टाकू नका, तो १९२२लाच वारला.